सात धागे

गल्लीतले लहानथोर तिला आक्काच म्हणत. काळ रफू करणाऱ्यांच्या कारखान्यात खिडकीजवळचं तिसरं टेबल तिचं. सव्वीस वर्षं. रोज पहिल्या घोटाला तिची जीभ भाजायची आणि रोज ती "मेला चहा" म्हणायची. तेही सव्वीस वर्षं.

माणसाचा काळ तिथे कापडाच्या घडीसारखा यायचा. एक दिवस म्हणजे एक आडवा धागा. कुणी रागात एखादी दुपार फाडून टाकलेली असे, कुणाचा दिवस दुःखानं विरलेला असे. भोक बुजवायला धागा त्याच माणसाच्या कापडाचा लागतो. तो पहिल्या काठाचा काढायचा, कारण तान्हेपणीचे दिवस कुणालाच आठवत नाहीत. अजून न जगलेल्या बाजूला हात लावायचा नाही. ती बाजू दारातला कारकून पांढऱ्या पिशवीत घालून शिवून टाकायचा. मगच कापड टेबलावर यायचं.

गिऱ्हाईक जाताना हमखास तोच विनोद करायचं. "काय, कापड किती उरलंय?"

रफूगारांचं उत्तरही ठरलेलं. "घडी घालता घालता हात दुखले हो!"

पिशवी चाचपून अंदाज यायचाच, पण खरं सांगणाऱ्याची सुई मुकादम सगळ्यांसमोर मोडायचा. मोडली की ती माणसं पुन्हा कारखान्यात दिसत नसत.

त्या दिवशी आक्काचा धाकटा भाऊ दारातून आलाच नाही. कापड काखेत मारून मागच्या जिन्यानं वर आला. घरच्या माणसाला कसली पिशवी आणि कसली पावती.

"आक्का, पोर घर सोडून गेली ना, ती दुपार नीट करून दे. मीच फाडली होती. बारा दिवसांनी येतेय ती. आणि मी तेव्हा काय बोललो तेच आठवत नाही. माफी मागू कशाची?"

"तुझं तोंड माहितीये मला. सगळ्याचीच माग."

"ठिगळ नको हं लावूस. पाच वाजता येतो."

आक्काची नजर वर्षभरात अधू झाली होती. तिनं कुणाला कळू दिलं नव्हतं. काम बोटांनी चालायचं. पिशवी नसेल तो काठ पहिला, एवढं बोटांना पाठ होतं. आज पिशवी कुठेच नव्हती. हाताला आला तो काठ तिनं धरला. भोक मोठं होतं, सात धागे काढले. दुपार विणून टाकली. काम इतकं सुरेख झालं की सांधा शोधून सापडेना.

मग घडी घालताना बोटांना दशा लागल्या, काठाला लोंबणारे सुटे दोरे.

पहिल्या काठाला दशा नसतात. त्या शेवटच्या काठाला.

तिनं भिंग काढलं. आजचा धागा हाताला कोमट लागतो. तो सापडला. तिथून दशांपर्यंत तिनं मोजलं. नऊ. पुन्हा मोजलं. नऊ. नखानं एकेक धागा सुटा करत मोजलं. नऊच.

सकाळी सोळा होते. पोरीच्या येण्याला पुरून चार उरले असते. शेवटचा काठ इतक्या सहज हाती आला, कारण त्या बाजूला फारसं कापड उरलंच नव्हतं.

"आक्का, अगं, चेहरा का असा पांढराफटक?" शेजारच्या टेबलावरची बाई म्हणाली. गेली अकरा वर्षं दोघी एकाच डब्यातून जेवत होत्या.

"काही नाही. विचारायचं होतं. विणलेला धागा परत काढता येतो?"

"येतो की. सगळं कापड उसवून." ती हसली. मग हसायची थांबली. "कुणाचं आहे ते?"

आक्कानं कापडावर हात पालथा ठेवला. मग दुसरा हात त्यावर ठेवला.

साडेतीन झाले. चार. मुकादम चपला वाजवत टेबलांमधून गेला. ती मान खाली घालून सुईत दोरा ओवत राहिली. दोरा नव्हताच. पाच वाजू नयेत असं तिला वाटलं. काळाच्या कारखान्यात बसून.

भाऊ आला तो शीळ घालत. घडी उचलताना त्यानं ती दुपार उघडली आणि त्याची शीळ थांबली.

"असं बोललो होतो मी?" तो हळूच म्हणाला. "तिच्या आईवरून?"

आक्का भिंग पुसत राहिली.

त्यानं डोळे पुसले, घडी काखेत घेतली आणि मोठ्या बहिणीला चिडवावं म्हणून विचारलं, "काय गं, कापड किती उरलंय?"

हजारदा दिलेलं उत्तर. तिनं तोंड उघडलं. घडी घालता घालता. एवढंच म्हणायचं होतं. ओठ हलले, शब्द फुटेना.

तो हसत थांबला. मग नुसताच थांबला. मग टेबलाला धरून स्टुलावर बसला.

"पोरीला आजच निघ म्हणू?"

तिनं होकारार्थी मान हलवली. शेजारच्या टेबलावरची कात्री थांबली.

"सात मी काढले," आक्का म्हणाली. "चुकून. दिसत नाही रे मला."

भावानं ते ऐकलं की नाही कळलं नाही. तो फोनवर बोट फिरवत होता आणि बोट भलत्याच आकड्यांवर पडत होतं. आक्कानं फोन ओढून घेतला. तिला आकडे दिसेनात. "तू सांग," ती म्हणाली, "मी दाबते." तो एकेक आकडा सांगत गेला, शाळेतल्या पोरासारखा. ती चाचपून दाबत गेली.

मागे मुकादमाच्या चपला जवळ येत होत्या. पलीकडे घंटी वाजत होती. कुणी उचलत नव्हतं.