कोरडं घेतलेलं

शहादेवमामा आमच्या पाली गावचा एकुलता एक कॅमेरामन. चाळीस वर्षं त्याने माहितीपट केले, सिनेमे केले, नट्यांचे चेहरे असे उजळवले की त्यांच्या नवऱ्यांनीही ओळखू नये. लग्न मात्र राहून गेलं. विचारलं की म्हणायचा, "शूटिंग चालू होतं बे." आता धरणाकडच्या घरात एकटाच असतो. मी गेलो की तासभर उठू देत नाही, आणि स्वतः धड बोलतही नाही. मला वैताग येतो, तरी जातोच.

बाहत्तरच्या दुष्काळात तो पहिल्यांदा कॅमेरा घेऊन जिल्ह्यात आला. एका सहकारी साखर कारखान्याचा माहितीपट करायचा होता. रीळ मोजकं, आणि कॅमेरा दिसला की माणसं जमायची, हटता हटायची नाहीत. मग या कॅमेरावाल्या मंडळींची एक युक्ती असायची. रीळ भरण्याआधी कॅमेरा लोकांवरून नुसताच चालवायचा. खर्रखर्र ऐकून लोक खूश व्हायचे, बाजूला सरायचे, आणि खरं काम सुरू व्हायचं. याला ते 'कोरडं घेणं' म्हणत.

रस्त्याच्या दुष्काळी कामावर त्याची आई, सरूबाई, खडी फोडत होती. लेकाला बघून ती उठली. घागरीतल्या पाण्याने तिने तोंड धुतलं. प्यायच्या पाण्याने, आणि तेही त्या वर्षी! पदर सारखा करून ती कॅमेऱ्यापुढे ताठ उभी राहिली.

"घे शहादेवा. तुज्या शिनेमात मी बी येऊ दे."

रीळ चेअरमनसाहेबांच्या भाषणासाठी राखलेलं होतं. मामाने आईला कोरडंच घेतलं. घरचं माणूस, पुढे कधीही घेता येईल, असं त्याला वाटलं.

माहितीपट गावात दाखवला तेव्हा शाळेच्या भिंतीला पडदा बांधला होता. सरूबाई गल्लीतल्या बायकांना घेऊन सगळ्यांत पुढे बसली. खडी फोडणाऱ्या दुसऱ्याच बायका दिसल्या, चेअरमन बोलले, उसाच्या गाड्या गेल्या आणि संपलं. मामाला तोंड कुठे लपवावं कळेना. ती हसतच त्याच्याकडे आली.

"मधीच डोळा लागला बघ माजा. तेवड्यात मी येऊन गेले आसंन."

"हां माय," तो म्हणाला.

त्याच थंडीत ती तापाने गेली. तो मुंबईत शूटिंगवर होता. घरात तिचा एकही फोटो नाही. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब आहेत, शेजारी एक खिळा आहे. त्यानंतर मामाने कुणालाच कोरडं घेतलं नाही. निर्माते रिळासाठी बोंबलायचे, हा ऐकायचा नाही.

तो माहितीपट आता कुणीतरी त्याच्या मोबाईलमध्ये घालून दिलाय. परवा मी गेलो तेव्हा तोच चालू होता. खडी फोडणाऱ्या बायका आल्या आणि मामाने डोळे मिटले.

"मामा, झोपलास का?"

"न्हाई बे," तो डोळे न उघडता म्हणाला. "माय येऊन जाऊ दे."