बारातीच्या आवाजात

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर, नोव्हेंबरातल्या एका संध्याकाळी, गुडगावच्या एका नव्या सेक्टरात लग्नाची बारात दारात उभी असताना वधुपित्याच्या परसातलं रॉकेटचं इंजिन एकदा चाललं. बारातीतल्या कुणालाही ते कळलं नाही. वधुपिता म्हणजे माझ्या बायकोचे मामा. आवाजावर इतकं प्रेम करणारा आणि तो शेजाऱ्यांना ऐकू जाईल म्हणून इतका घाबरणारा दुसरा माणूस साऱ्या दिल्लीत नसेल, हे मी बातमीदार असूनही पुराव्याशिवाय लिहायला तयार आहे.

मामा मूळचे नागपूरचे. नोकरी दिल्लीतल्या एका सरकारी प्रयोगशाळेत, इंजिनांच्या विभागात. जगातल्या सगळ्या गोष्टींचे त्यांनी दोन भाग केले होते, जळणाऱ्या आणि फुटणाऱ्या. मोटार, विमान, रॉकेट, सगळ्यांत इंधन जळतं. ज्वाळा या टोकाकडून त्या टोकाकडे आपल्या सवडीने जाते. मामांचं म्हणणं, इंधनाला जळू देऊच नये, फुटू द्यावं. मग ज्वाळेच्या पुढे धक्क्याची लाट आवाजापेक्षाही वेगाने धावते आणि तेवढ्याच इंधनात जास्त जोर मिळतो. नळीत असे स्फोट एकामागून एक करत राहिलं की झालं इंजिन. नवा जावई म्हणून मी पहिल्यांदा जेवायला गेलो तेव्हा हे सगळं त्यांनी मला माझं वरण गार होईपर्यंत समजावलं. मी तेव्हा मुनिरक्याला भाड्याच्या खोलीत राहून एका मराठी दैनिकाला दिल्लीच्या बातम्या पाठवत असे. ते धरून ते म्हणाले, "जावईबापू, जळणं म्हणजे तुमची बातमी. डिटोनेशन म्हणजे अफवा." मामी म्हणाल्या, आधी त्यांना जेवू द्या.

कुठलाही आवाज झाला की मामा त्याला गुण देत. रस्त्यावर स्कूटरने फट् केलं, गीझर पेटताना धप् झालं, की बोलता बोलता थांबायचे, मान तिरकी करायचे आणि म्हणायचे, "जळलं." दिवाळीत गच्चीवर खुर्ची टाकून बसत. आम्ही खाली फराळ करत असू आणि वरून दर मिनिटाला निकाल ऐकू येई. जळलं. जळलं. क्वचित एखाद्या सुतळी बॉम्बला "हं, हे बरंय" मिळे. एकदा आग्र्याहून येताना आमच्या टॅक्सीचा टायर फुटला. ड्रायव्हर घामाघूम होऊन जॅक शोधत होता आणि मामा चाकाशी उकिडवे बसून उदासपणे सांगत होते की हे कशातच बसत नाही, ही नुसती हवा गेली.

त्यांचं दुःख मात्र खरं होतं. आखूड नळीत ज्वाळेचा स्फोट घडवता येतो, असा प्रस्ताव त्यांनी कार्यालयात दिला होता. वरिष्ठांच्या समितीने एवढ्या आखूड नळीत ते होणं शक्य नाही असं म्हणून फाईल बंद केली. निवृत्तीनंतर मामांनी गुडगावला घर बांधलं. लोक तिकडे प्लॉट घेताना पाणी आहे का, बाजार किती लांब, ते बघत. मामांनी मागचा प्लॉट रिकामा आहे एवढंच बघितलं. परसात त्यांनी पोलादी पाईप पक्का बसवला, पुढे वाळूच्या गोण्यांचा ढीग, अलीकडे कमरेएवढी भिंत. पाईपच्या आत जाड तारेचं स्प्रिंगसारखं वेटोळं होतं. त्यावर आपटत ज्वाळा पुढे जाते आणि वेग घेते. "माणूस अडखळला की पडतो," मामा सांगायचे, "ज्वाळा अडखळली की पळते." ते वेटोळं सुजाता, त्यांची एकुलती एक मुलगी, शाळेत असल्यापासून वळून द्यायची. झडपा, ऑक्सिजन, ठिणगी, सगळं तिला पाठ होतं. इतकं करून पाईप दर वेळी एकच आवाज काढे, मोठ्या पातेल्यावर झाकण पडल्यासारखा. भक्क. बाप-लेक एकमेकांकडे बघत आणि चहा घ्यायला आत जात.

पाईप कधी पेटवायचा हा प्रश्न होता. दिवाळी वर्षातून एकदाच. उरल्या बाराती. दिल्लीत बारातीसमोर फटाक्यांच्या माळा लागतात, आणि त्या गदारोळात मामांचं एक भक्क कुणाच्या कानावर जात नसे. म्हणून मामा पंचांग ठेवू लागले. घर बौद्ध, स्वतःचं लग्न त्यांनी मुहूर्त न बघता, भर दुपारी, वंदना घेऊन केलं होतं आणि कुणीतरी आणलेल्या बँडवाल्यांना चहा पाजून परत पाठवलं होतं. आता त्याच माणसाच्या कामाच्या खोलीत खिळ्याला पंचांग टांगलेलं. शंका आली तर ते सेक्टरातल्या मंदिरात जाऊन लग्नाच्या तिथी विचारून घेत. यांना चार-पाच मुली उजवायच्या आहेत, असा पंडितजींचा समज झाला होता. समाजातल्या एका वडीलधाऱ्यांनी ते पंचांग पाहिलं आणि मामींना हळूच विचारलं, घरी काही अडचण आहे का. मामा आतून म्हणाले, "मुहूर्त माझा नाही हो, बारातीचा आहे."

त्या वर्षी मागचा प्लॉट विकला गेला. डिसेंबरात पाया खणायला घेणार, असं नव्या मालकाने येऊन सांगितलं, मिठाईही दिली. आणि सुजाताचं लग्न नोव्हेंबरात ठरलं. मुलगा तिच्याच कंप्युटर कंपनीतला, राजौरी गार्डनचा पंजाबी. व्याही भला माणूस. मुलीकडची मंडळी साधी आहेत हे ऐकून त्यांनी आपण होऊन सांगितलं, "हम भी सिंपल ही आएँगे जी, बस एक ढोल." मामा घाईने म्हणाले, "नहीं जी, बारात तो पूरी आनी चाहिए. पटाखे भी." मामींच्या हातातला चहाचा ट्रे कलला. नंतर स्वयंपाकघरात त्या माझ्या बायकोला म्हणाल्या, "माझ्या वेळी एक पिपाणी वाजू दिली नाही यांनी."

एक गोष्ट मामांना ठाऊक नव्हती. इतकी वर्षं त्यांनी बाराती ऐकल्या होत्या, पण परसातून. दारात काय चालतं ते पाहिलं नव्हतं. बारात मांडवात येऊन बसली की मग वधुपित्याचं काम सुरू होतं, असं ते धरून चालले होते. सकाळी वंदना झाली, संध्याकाळी सगळे घरापुढच्या मांडवात गेले, आणि मामा नव्या सुटावर जुना कोट घालून पाईपजवळ आले. साक्षीदार म्हणून मला बोलावलं होतं. ढोल कोपऱ्यावर आला तेव्हा माझी बायको धावत आली. मिलनी व्हायची होती. मुलीच्या बापाने दारात मुलाच्या बापाला हार घालून मिठी मारायची, त्याशिवाय बारात आत पाऊल टाकत नाही. आणि फटाके नेमके तेव्हाच लावतात.

मी म्हटलं, मला सांगा, मी ठिणगीचं बटण दाबतो. मामा म्हणाले, नळी किती भरली ते कानाने कळतं, सांगून येत नाही. मग झडपा बंद केल्या, कोट काढून माझ्या हातात दिला.

"राहू द्या," ते म्हणाले. "पोरीचं लग्न आहे." आणि माझ्या बायकोच्या मागोमाग दाराकडे गेले.

लगेचच मागचं दार उघडलं. सुजाता होती, लाल साडीत, बांगड्या कोपरापर्यंत सारलेल्या.

"बाबा गेले?"

मी हो म्हटलं, आणि तू वर बसायला हवंस, असंही म्हटलं.

"मिलनीत मुलीचं काही काम नसतं," ती म्हणाली. "भाऊजी, भिंतीमागे व्हा."

मेंदीच्या हातांनी तिने झडप उघडली, कान पाईपकडे लावून ऐकत राहिली, बंद केली, आणि माझ्या शेजारी येऊन खाली बसली. दारात माळ लागली तसं तिने बटण दाबलं. भक्क झालं नाही. कोरडी फळी मोडावी तसा एकच आवाज आला आणि पुढच्या गोण्यांतली वाळू उडाली. नळीतल्या दाबाचा आलेख काढायला जुन्या बाजारातून आणलेल्या ऑसिलोस्कोपच्या पडद्यावर इतकी वर्षं एक बुटकी टेकडी उमटत असे. या वेळी सरळ उभा कडा आला. सुजाताने पडद्यासमोरच्या कॅमेऱ्याचा खटका दाबला, बांगड्या खाली ओढल्या आणि आत गेली.

दारात काय झालं ते बायकोने सांगितलं. मामांनी व्याह्यांना मिठी मारली होती. फटाक्यांच्या धुरात त्यांनी एकदम मान तिरकी केली आणि तसेच थांबले. व्याह्यांना वाटलं, बापाचं मन भरून आलं. त्यांनी मामांची पाठ थोपटली, "भाईसाहब, बेटी अब हमारी भी है." मामा त्यांच्या खांद्यावरून म्हणाले, "फुटलं." व्याह्यांनी अर्थ विचारला. बायको म्हणाली, "कह रहे हैं, बहुत अच्छा लगा."

विदाईच्या वेळी मामांनी सुजाताच्या कानाशी तोंड नेलं, तेव्हा दोन्हीकडच्या बायका रडत होत्या. मी शेजारीच होतो. मामांनी विचारलं, "ऑक्सिजन किती ठेवलास?"

"तुमच्यापेक्षा थोडा जास्त," ती म्हणाली, आणि गाडीत बसली.

मामांनी तो फोटो कार्यालयात नेला नाही. एकदा झालं म्हणजे सिद्ध होत नाही, तसंच पुन्हा व्हायला हवं, असं ते म्हणाले. डिसेंबरात मागे पाया खणला गेला. आता तिथे चार मजली घर आहे. पाईप जिन्याखाली ठेवला आहे. फोटो मामींनी लग्नाच्या अल्बममध्ये, मिलनीच्या फोटोशेजारी लावला आहे. गेल्या आठवड्यात मी फोन केला तेव्हा मामा मंदिरात नवं पंचांग आणायला गेले होते.