माडावरचं भाषण

"तेकाई, आज गाणा खंय गेला रे? झोप लागली काय वर?"

माडाखालून त्याची बायको किनाउआ ओरडत होती. माडी काढायला चढलेला माणूस गात नाही म्हणजे काहीतरी बिघडलंय, हे माराकेई बेटावर शेंबडं पोरही जाणतं.

"आसंय गो! जा तू, मासे करपतले!"

तेकाईचा जीव टांगणीला लागला होता. थोरली मुलगी बेरेता आज होडीने निघायची होती. पुढे विमानाने ऑस्ट्रेलियाला, म्हाताऱ्यांची सेवा करायच्या कामावर. त्याआधी गावच्या मानेआबात, म्हणजे सभाघरात, जेवण, आणि सगळ्यांसमोर बापाने उठून निरोपाचं बोलायचं. तास तास बोलणारे बाप गावात होते. तेकाईला मात्र चार तोंडं समोर दिसली की घाम फुटायचा. म्हणून तो झावळ्यांनाच भाषण ऐकवत होता.

"पोरी, नीट रव. आणि परत ये..." थांबला. "नको. परत ये नको. पोरगी थंय कुढत बसतली." पुन्हा पहिल्यापासून. जीभ पुन्हा तिथंच अडली.

मानेआबाच्या छपराखाली केवड्याच्या चटयांवर गाव बसलं. जेवणं झाली. तेकाई उठला, "पोरी" म्हणाला आणि पुढचं सगळं पुसलं गेलं. कुणीतरी खोकलं. किनाउआने मान खाली घातली.

"बस खाली!" म्हातारा नाकिबाए ओरडला. "सकाळीच आयकला आमी. माडावरचा गाणा गावभर जाता, मग भाषण काय समुद्रात पडता?"

सगळं छप्पर हसलं. बेरेता हसली नाही. जवळ येऊन हळूच म्हणाली, "बाबा, परत ये म्हटलंस, मगे नको म्हटलंस. ह्यातला खरा खंयचा?"

तेकाई तिच्या पायांकडे बघत राहिला.

"थंय थंडी आसता म्हणतत. पायात मोजे घाल."

"बाबा!"

"घाल हां."

किनाऱ्यावरून हाका आल्या. बाया रडू लागल्या. बेरेता होडीत चढली, इंजिन सुरू झालं, तेव्हा कुठे तो कमरेएवढ्या पाण्यात धावला नि "ये! ये गो!" म्हणून ओरडला. तिने कानामागे हात धरला. ऐकू आलं की नाही, कोण जाणे.

ओल्या कपड्यांनी तो घरी आला. संध्याकाळी पोयीचं, म्हणजे माडाच्या कोवळ्या तुऱ्याचं, टोक कापायचं चुकलं तर माडी आटते.

"पातळ काप हां," करवंट्या देताना किनाउआ म्हणाली. "काल खोल कापलंस."

"कापतंय गो," म्हणून त्याने सुरीला धार लावली आणि पहिल्या माडाला मिठी घातली.