राबाचा धूर

शेजाऱ्यानं आज राब भाजला, भात पेरायच्या आधी वाफ्यावर पाला जाळतात तो. धूर नाकात गेला नि शूटिंगवाली बाई आठवली.

वीसेक वर्षं झाली. "काका, परत एकदा पेटवा ना," ती बोलायची, नि मी हिरो पाल्याचे भारे पेटवत सुटलो. पाच वाफ्यांचा राब एकाच वाफ्यावर जाळला.

बायको ओरडली, "भात काय आता कॅमेऱ्यात पेरणार?"

बाई त्यात एवढं बघते तरी काय, म्हणून मी डोळा लावला. धुराच्या पल्याड बायको पाला आणायला परत डोंगराकडं निघालेली. एकटी, एवढीशी.

"थांब गो!" मी कोयता घेऊन पळालो. कॅमेरा चालूच होता.

पिच्चर गावात दाखवला, त्यात माझी नुसती पळणारी पाठ. बायको बोलते, "तेवढंच खरं आलंय."