गप्प झालेल्या कोंबड्या

मोशीत आमच्या चारी बाजूंनी इमारती उभ्या राहिल्या, तरी मंजुळाबाईनं परसातल्या कोंबड्या काही सोडल्या नाहीत. मी तिची शेजारीण, अंबू. स्पष्टच सांगते, मला त्या कोंबड्यांचा वैताग होता. खायला टाकलं की नुसता कालवा. काळी कोंबडी बाकीच्यांना टोचून हाकलायची, लंगडीच्या डोक्यातून रक्त निघायचं आणि रक्त दिसलं की सगळ्याच तिच्यावर तुटून पडायच्या. मग मंजुळाबाई हळद लावत बसायची.

पण तिला अंडी हवी होती. सून स्वरूपाचं आधी दोनदा पोट पडलेलं, आता सातवा लागला होता. "दुकानातलं न्हाई, घरचंच अंडं खायचं," असा दंडक. स्वरूपाही काही कमी नाही. अंड्यावर तिखट हवं म्हणून रोज सासूशी वाजायचं.

मग तिच्याकडच्या भाडेकरू शेखरनं चाकणच्या त्याच्या कंपनीतून टाकून दिलेले ट्रे आणले. तिथं लोखंडाला मुलामा चढवतात. "धुतलेत, काकू," म्हणाला. मंजुळाबाईनं ते लांब लांब मांडले, एक हौदामागं, एक शेवग्याखाली, म्हणजे काळीला सगळीकडं राज्य करता येऊ नये. भरडा आदल्या दिवशीच त्यांत भिजत घालायची. डोकं आहे बाईला. भांडण मिटलं, लंगडी पोटभर खायला लागली. मीही म्हटलं, सुटले बाई एकदाची.

पुढं कालवा आणखी कमी झाला. मग ट्रे भरले तरी कुणी धावेना. "बघ की, कशा शान्या झाल्यात," मंजुळाबाई कौतुकानं म्हणाली. मला ते शहाणपण आवडलं नाही. काळी पिसं फुगवून भिंतीला टेकली होती. लंगडीनं तिच्या पुढ्यातलं खाल्लं तरी तिनं मान वळवली नाही.

मी ट्रेमधला भरडा बाजूला सारला. खाली पिवळा थर होता आणि भरड्यातही उतरला होता. मुलाम्याचं रसायन, धुऊनही राहिलेलं.

"मंजुळे, अंडी कुणाला देतीस गं?"

"कुणाला म्हंजी? तिलाच. रोज दोन."

आत स्वरूपा ताटापुढं बसली होती. सोललेलं अंडं तसंच, तिखट मागितलेलं नाही. हात पोटावर.

"मावशी," ती हळूच म्हणाली, "बाळ सकाळपासून हललं नाही."

मी अंडं मोरीत फेकलं आणि शेखरला रिक्षा आणायला पिटाळलं. मंजुळाबाई दारातच उभी होती.

"पण भांडणं थांबली व्हती की गं," एवढंच म्हणाली.