चपला काढून शिकलेली गाडी

आधी सुलभाकाकूंचं नाव लिहिते, मग बाकीचं. त्या नसत्या तर मी ग्वाल्हेरहून दुसऱ्याच महिन्यात परत गेले असते.

निघताना बार्शीच्या स्टँडवर आई एवढंच बोलली, "लोकाच्या घरात चपला घालून शिरू नको." नववीत शाळा सुटलेल्या पोरीला ती आणखी काय सांगणार? इथं ग्वाल्हेरच्या कंपू भागात एकट्या राहणाऱ्या काकूंना मराठी बोलणारी सोबतीण हवी होती, म्हणून मी आले.

काकूंना आता नीट दिसत नाही. त्यांची गाडी अंगणात धूळ खात उभी होती. "तूच सीख गं," त्या त्यांच्या हिंदी मिसळलेल्या मराठीत म्हणाल्या. "दर वेळी दवाखान्यात कोण नेणार मला? नाहीतर मुलगा घराला ताला लावून मला त्याच्याकडे दिल्लीला नेईल." म्हणजे त्यांचं घर जाणार, आणि माझंही.

थाटीपुरच्या ड्रायव्हिंग स्कूलात आधी मशीनवर बसवतात. खुर्ची, स्टिअरिंग, पायाशी क्लच-ब्रेक, समोर तीन पडदे. खोलीत गालिचा होता, मी दाराशीच चपला काढल्या. सर हसले, "दीदी, मशीन है, मंदिर नहीं." पण बसू दिलं. पडद्यावर मी गाय उडवली, आई गं म्हणून ओरडले. सर म्हणाले, "रोइए मत, अभी खड़ी हो जाएगी." खरंच उठली. दिवसभराच्या कामानं अंग मोडलेलं असायचं, पण तिथं चुकलं तरी कुणाचं काही जात नव्हतं.

मग खरी गाडी आली. सरांनी बूट घालायला लावले, आणि मला क्लच कळेचना! शिकले होते ते माझे तळपाय, अनवाणी. किला गेटच्या चढावर गाडी मागं घसरली. सरांनी त्यांच्या बाजूचा ब्रेक दाबला म्हणून पेरूचा ठेला वाचला. ठेलेवाला ओरडला, "बहनजी, आगे जाना है कि घर लौटना है?"

घरी येऊन मी पिशवी भरायला घेतली. काकूंनी सगळं ऐकलं आणि मला अंगणातल्या गाडीत बसवलं. "पायाला हळूहळू शिकवायचं. पहिले अनवाणी, मग मोजे, मग कापडी जोडे. बूट सर्वात शेवटी." रोज संध्याकाळी बंद गाडीत मी क्लच दाबायची, शेजारच्या सीटवर काकू शेंगा सोलायच्या. पंधरा दिवसांनी बूट घातले, तेव्हा पायाला क्लच कळला होता.

लायसन मिळालं. काकूंच्या घराला ताला लागला नाही. आता त्यांना दवाखान्यात मीच नेते. भीती अजून वाटते, थकतेही फार. पण परतताना त्यांचं फाटक दिसलं की स्टिअरिंगवर आवळलेले हात आपोआप सैल पडतात. घर म्हणजे आता मला तेवढंच कळतं.

इथल्या जुन्या मराठी घरांसारखं काकूही स्वतःला दक्षिणेतल्या म्हणवतात, पण भोपाळच्या पुढं कधी गेलेल्या नाहीत. एक दिवस मीच त्यांना गाडीतून बार्शीला नेईन, हा माझा शब्द. फक्त आई, तेव्हा तू त्यांना दारात चपला काढायला लावू नकोस. गुडघे दुखतात त्यांचे.