वाकडं झाड परत येतं

माधवनगरच्या गिरणीत मी लुगड्यांच्या काठांची नक्षी काढायचो. ग्राफच्या कागदावर एकेक चौकट रंगवायची. एक मोर नीट भरला, की मागावर तोच मोर काठभर फिरून फिरून येतो. चौकटी भरून भरून डोळे चुरचुरायचे, जीव आंबून जायचा, आणि घरी पाऊल टाकलं की पोर विचारायची, "आप्पा, आई कवा येनार?"

बायको वारून चार महिने झाले होते. सहा वर्षांच्या लेकीला मी सांगून बसलो होतो, आई मामाकडं गेलीया. घर सांभाळायला आलेली माझी थोरली बहीण पोरीसमोर तेच सांगायची, पण मागं मला झाडायची. "कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहतं व्हय रं?" कळत होतं मला. अंगात त्राण नाही म्हणायचो. खरं तर हिंमत नव्हती.

एका रविवारी तिला सांगलीत कार्टूनच्या सिनेमाला नेलं, दुपारच्या खेळाला. दोन तास तरी तो प्रश्न नको, एवढाच हेतू. एक अस्वलीण आणि तिचं पिल्लू, सगळं हातानं काढलेलं. आता धंद्याचा डोळा, तो कुठला गप्प बसतोय. मागचं रान पाण्यात कालवलेल्या रंगांतलं, ओलसर, सावल्यांचं. हलणारी जनावरं मात्र काळ्या रेघेतली, सपाट रंगाची. दरडीवर एक दगड असाच सपाट दिसला. म्हटलं, ह्यो आता पडतोय बघ. पडला. लेक खूश झाली. पिल्लू पळायला लागलं की तेच वाकडं झाड मागं सारखं येत होतं, तेही तिला दाखवलं. "आपल्या मोरावानी हाय बघ."

मग पूर आला आणि अस्वलीण गेली. जाताना दाखवलीच नाही, पडदाभर नुसतं निळं पाणी. लेकीनं माझा हात घट्ट धरला. "पिल्लाची आई?"

मी गाढवासारखा बोलून गेलो, "येईल की. झाड येतंय न्हवं परत, तशी."

ती झाडावर नजर लावून बसली. झाड आलं. पानं गळली, पालवी फुटली, पिल्लाचं थोराड अस्वल झालं. दिवे लागले, माणसं उठली, तरी ती पांढऱ्या पडद्याकडंच बघत होती.

"झाड आलं, आप्पा. आई न्हाई आली."

"व्हय."

"आपली पन न्हाई येनार?"

मी परत खुर्चीत बसलो. "न्हाई येनार गं," म्हणालो, आणि तिच्यासमोर पहिल्यांदा रडलो. तिनं फ्रॉकच्या टोकानं माझं तोंड पुसलं.

"आत्याला सांगू नगा," ती हळूच म्हणाली. "तिला अजून वाटतंय, आई मामाकडं हाय."